दोन तेलांचा दुकानदार

एका बाजारगावात एक तेलाचा शेठ होता. त्याच्यासारखा देवमाणूस शोधून सापडायचा नाही, असं ज्याच्या त्याच्या तोंडी होतं. का, तर त्याच्या दुकानात कुणी तेलाचं भांडं पुढे केलं की शेठ आधी मायेनं विचारायचा, "कोणासाठी हवंय? घरासाठी, की आजाऱ्यासाठी?"

घरासाठी म्हटलं की शेठ दारातल्या मोठ्या रांजणातून माप भरायचा. आजाऱ्यासाठी म्हटलं की आत जायचा आणि चिनी मातीच्या बरणीतून तेल आणायचा. भाव दोन्हीचा एकच. लोक म्हणायचे, बघा, आजारी माणसाची केवढी काळजी! आता तुम्ही म्हणाल, यात वावगं काय? मलाही पहिल्यांदा ऐकताना काही वाटलं नव्हतं. तुम्ही पुढे ऐका.

त्या गावात गोजरा नावाची एक कुंभारीण नवऱ्यासोबत आणि लहान लेकीसोबत नव्यानं राहायला आली. लेकीचं नाव बकुळा. गोजरा सरळ स्वभावाची बाई. शेठनं विचारलं की ती हसून सांगायची, "घरासाठीच हो, शेठजी. आमच्याकडे सगळे ठणठणीत आहेत." शेठ म्हणायचा, "असंच राहू दे, बाई," आणि रांजणातलं माप ओतायचा.

पण ठणठणीत काही राहिलं नाही. आधी नवऱ्याचे पाय सुजले. चाकावर बसून बसून सुजले असतील, म्हणून त्यानं तिकडे लक्षच दिलं नाही. मग गोजराच्या हातातल्या बांगड्या रुतायला लागल्या. पाणी बाधलं असेल, नवा गाव आहे, असं तिनं स्वतःला समजावलं. आणि मग एका सकाळी बकुळाला अंथरुणातून उठताच येईना. पोरीची पावलं टम्म फुगली होती, बोट दाबलं की खळगा पडायचा, आणि दोन पावलं चालली तरी तिला धाप लागायची. पोरीला कडेवर घेऊन ती तशीच वैद्यबुवांकडे धावली.

वैद्यबुवांनी पावलं पाहिली, नाडी पाहिली, छातीला कान लावला. त्यांचा चेहरा गंभीर झाला. "पोर वाचवायची असेल तर घरातलं तेल आजच्या आज फेकून दे," ते म्हणाले. "नवीन आण. आणि शेठला सांगताना आजाऱ्यासाठी म्हणून सांग. विसरू नकोस हो!"

गोजरानं तसंच केलं. शेठनं हळहळून बरणीतलं तेल दिलं. शेजारची अनसाही मदतीला धावली. ती रोज स्वतःच्या चुलीवरची भाजी-भाकरी बकुळासाठी घेऊन यायची. हळूहळू तिघांची सूज उतरली. धाप कमी झाली. पोर भिंत धरून चालायला लागली, मग भिंत सोडून चालायला लागली. गोजराला आभाळ ठेंगणं झालं.

तेल संपलं तशी ती पुन्हा दुकानात गेली. मनात शेठचे उपकार दाटून आले होते.

"कोणासाठी गं, गोजराबाई?"

"घरासाठी, शेठजी. लेक बरी झाली तुमच्या कृपेनं!"

"वा वा, फार चांगलं झालं," असं म्हणत शेठनं रांजणात माप बुडवलं.

गोजरानं पुढे केलेलं भांडं मागे घेतलं. आपण असं का केलं ते तिचं तिलाच क्षणभर कळेना.

"शेठजी, त्या तेलात आणि या तेलात फरक काय?"

"काही नाही गं. ते जरा हलकं असतं."

"दोन्ही करडईचंच ना?"

"करडईचंच."

"भाव एकच?"

"एकच."

"मग माझ्या बऱ्या झालेल्या पोरीला हलकं तेल का नको?"

शेठचं हसू मावळलं. "तुला तेल हवंय की वाद घालायचाय? मागे लोक उभे आहेत," तो करवादला. मागे खरंच लोक उभे होते. पण गंमत म्हणजे, सगळे आपापल्या भांड्यात डोकावून बघत होते, जसं काही त्यात आधीच तेल भरलं आहे.

गोजरा रिकामं भांडं घेऊन तडक अनसाकडे गेली. "अनसाबाई, त्या रांजणात काहीतरी आहे! आजाऱ्यानं जे खाऊ नये ते आपण रोज खातोय. माझी पोर त्यानंच आजारी पडली असणार!"

अनसानं आधी दार लावून घेतलं. "हळू बोल ना, बाई! तुला खरंच माहीत नव्हतं?"

"काय माहीत नव्हतं?"

"अगं, रांजणात काटेधोत्र्याच्या विषारी बियांचं तेल मिसळलेलं असतं. स्वस्त पडतं त्याला. आजारी माणूस दगावला तर बोभाटा होईल, म्हणून तेवढी बरणी चांगली ठेवतो. म्हणून आम्ही कधी घरासाठी म्हणतच नाही. मी तर किती वर्षं झाली, माझ्या सासूबाई अंथरुणाला खिळल्यात असंच सांगते. त्या कधीच वारल्या."

गोजरा मटकन खाली बसली. ज्या बाईनं रोज निगुतीनं झाकून भाजी आणली, तिला हे पहिल्यापासून माहीत होतं!

"माझी पोर तुझ्या डोळ्यांदेखत सुजत होती, अनसाबाई. तू मला एका शब्दानं सांगितलं नाहीस?"

अनसाचे डोळे भरले. "कशी सांगू? सगळेच बरणीतलं मागायला लागले तर शेठ बरणीच बंद करेल. मग माझ्या पोरांनी काय खायचं?"

गोजरा उठली आणि वैद्यबुवांकडे गेली. मनात म्हणाली, ते तरी शहाणे, ते तरी सांगतील की असं काही नाही. वैद्यबुवांनी मान खाली घातली. "मला ठाऊक आहे," ते म्हणाले. "जो माझ्या दारात येतो त्याला मी सांगतो."

"आणि जो येत नाही त्याला?"

वैद्यबुवांनी खलबत्ता पुढे ओढला आणि त्यात काही नसतानाच कुटायला घेतलं.

मग ती राजाच्या पारख्याकडे गेली. बाजारातला प्रत्येक पदार्थ तपासायचा, भेसळ सापडली तर दुकानाला कुलूप ठोकायचं, हे त्याचं काम. त्याच्यासाठी पागोटं होतं, शिक्का होता, पुढे चालायला ढोलवालाही होता. पारख्यानं तिचं सगळं शांतपणे ऐकलं आणि म्हणाला, "बाई, शेठचं तेल मी दर महिन्याला तपासतो. एकदम शुद्ध आहे."

"कुठलं तपासता?"

"तो देतो ते."

"तो कुठलं देतो?"

"आतून बरणी आणतो," तो म्हणाला. मग घाईघाईनं पुढे म्हणाला, "मी परीक्षेसाठी म्हणून मागतो ना! चांगलंच देणार तो."

आता मला सांगा, अशा पारख्याला काय म्हणावं! गोजराला हसावं की रडावं कळेना. तिनं पदर खोचला आणि थेट राजवाडा गाठला.

राजा भला माणूस होता. त्यानं सगळं ऐकलं आणि त्याचा चेहरा पांढरा पडला. "माझ्या राज्यात? माझ्या नाकाखाली?" त्यानं शेठला बोलावलं, पारख्याला बोलावलं, वैद्याला बोलावलं. रांजण आणि बरणी उचलून आणवली. अख्खा गाव चावडीवर जमला. राजा म्हणाला, "हे खोटं असलं पाहिजे. मीसुद्धा याच शेठचं तेल खातो, आणि मला कधी काही झालं नाही. विचारा माझ्या आचाऱ्याला!"

आचारी पुढे आला.

"सांग, आपल्याकडे तेल कुठलं येतं?"

"महाराज... बरणीतलं."

"का?"

"मी आजाऱ्यासाठी म्हणून आणतो."

"वाड्यात आजारी कोण आहे?"

"आपणच, महाराज. गेली सात वर्षं."

एरवी लोक खो-खो हसले असते. त्या दिवशी कुणी हसलं नाही.

शेठ मात्र सावरला होता. हात जोडून म्हणाला, "महाराज, उगाच राईचा पर्वत करताहेत ही मंडळी. रांजणात थोडं दुसरं तेल आहे, हे कबूल. पण त्यानं कुणाचं काही बिघडत नाही. मी असा कसा कुणाच्या जिवाशी खेळेन? आजाऱ्याला मी कधी ते देत नाही, हे सगळा गाव सांगेल."

"असं?" राजा म्हणाला. "मग आज तुझ्या मुलांना इथेच जेवायला बोलावू. याच रांजणातल्या तेलात पुऱ्या तळू."

"नको!" शेठ असा किंचाळला की सगळे दचकले. त्यानं धावत जाऊन रांजणाच्या तोंडावर दोन्ही हात पसरले. "नको महाराज, माझी पोरं नको! त्यानं हृदय सुजतं!"

भेसळ आहे हे पुष्कळांना ठाऊक होतं. पण शेठला एवढं नीट ठाऊक आहे, आणि तरीही तो रोज सकाळी उठून हसत-हसत ते तेल मापून देतो, हे ऐकल्यावर अनसाच्या अंगावर काटा आला. तिनं तोंडाला पदर लावला.

राजानं शेठला बेड्या घालायला सांगितलं आणि मग तो लोकांकडे वळला. "हे कुणाकुणाला माहीत होतं? हात वर करा. खरं सांगाल तर शिक्षा नाही."

आधी वैद्यबुवांचा हात वर गेला. मग अनसाचा. मग शिंप्याचा, सोनाराचा, गुरुजींचा, देवळातल्या पुजाऱ्याचा. बघता बघता निम्म्या गावाचे हात वर होते. गोजरा प्रत्येकाकडे आ वासून बघत होती. यातल्या कितीतरी जणांनी बकुळाच्या डोक्यावरून हात फिरवून तब्येतीची चौकशी केली होती.

तेवढ्यात मागे कोपऱ्यात बसलेला एक म्हातारा हमाल काठीच्या आधारानं उठला. शेठच्या दुकानात पिंपं वाहून आणायचं काम तोच करायचा. त्याच्या पायांना फडकी गुंडाळलेली होती.

"माझी बायको चैत्रात गेली," तो म्हणाला. "पाय असेच सुजले होते तिचे. शेवटी तिला झोपता येईना, बसून रात्र काढायची. मी रोज रांजणातलं तेल नेत होतो. मला कुणी सांगितलं नाही." तो थांबला, त्यानं वर झालेल्या हातांवरून नजर फिरवली. "तुम्ही सगळे आला होतात तिला पोचवायला."

एकेक हात खाली आला. कुणी कुणाकडे बघेना. राजानं डोक्यावरचं पागोटं काढून मांडीवर ठेवलं.

मग त्यानं हुकूम दिला. रांजण गावाबाहेर खड्ड्यात रिकामा करून तिथेच फोडायचा. यापुढे कुठल्याही दुकानात एका मालाचं एकच भांडं राहील, आणि दुकानदाराच्या घरचं जेवण त्याच भांड्यातून होईल. तपासणीला जाताना ढोल वाजणार नाही. पारखी साध्या कपड्यात, गिऱ्हाइकांच्या रांगेत उभा राहील आणि समोरच्याला जे मिळतं तेच तपासेल. जुन्या पारख्याला हे जमणार नाही म्हणून राजानं त्याचा शिक्का तिथल्या तिथे काढून घेतला. आणि कुठल्याही गिऱ्हाइकाला, मग तो कालच गावात आलेला का असेना, शंका आली तर त्यानं सरळ वाड्यावर यावं, दार उघडंच असेल.

"आणि माझं जेवणही आजपासून गावातल्या कुठल्याही घरी होतं तसंच होईल," राजा आचाऱ्याकडे बघून म्हणाला. "मी आजारी नाही."

लोक पांगले. गोजरा बकुळाचा हात धरून घराकडे निघाली. पोरीची चाल अजून सावकाशच होती, मध्ये मध्ये थांबून ती दम खायची. मागून अनसा धावत आली आणि तिनं गोजराचा हात धरला.

"मला माफ कर गं. मी माझ्या पोरांसाठी गप्प बसले. दुसरं काही नव्हतं मनात."

गोजरानं हात सोडवून घेतला नाही. रागही केला नाही. नुसतं म्हणाली, "माझी पोर रोज तुझ्याच अंगणात खेळत होती, अनसाबाई. ती आजारी पडल्यावर तू तिच्यासाठी भाजी-भाकरी आणलीस. पण मला सावध करायला एक हाक मारली नाहीस."

अनसा रस्त्यातच उभी राहिली, आणि मायलेकी सावकाश पुढे निघून गेल्या.

मुलांनो, आणि हे वाचणाऱ्या मोठ्या माणसांनो, यातून घ्यायचं तात्पर्य असं: अन्नात भेसळ करणारा एकटा कधीच एवढा माजत नाही. ज्यांना भेसळ कळते आणि जे स्वतःपुरतं चांगलं घेऊन मुकाट्यानं घरी जातात, त्यांच्या जिवावर तो माजतो. म्हणून कळलं की सांगा, मोठ्यानं सांगा, आणि आधी त्याला सांगा ज्याला काहीच माहीत नाही.