सरदारांच्या हातातला पंखा

“अरे, मागे बघ! मागे मारेकरी आहे!”

भर नाटकात सरदार माकिशिमा ओरडले आणि तलवार उपसून थेट रंगमंचाकडे धावले. सरदार डोंगराळ मुलखातून नुकतेच या जपानी शहराचा कारभार बघायला आले होते आणि काबुकी नाटक पहिल्यांदाच बघत होते. रंगमंचावर वीर योद्धा पंखा घेऊन नाचत होता, आणि त्याच्या पाठीमागून नखशिखांत काळे कपडे घातलेला, तोंडावरही काळा पडदा ओढलेला एक माणूस दबकत येत होता.

सारं नाटकघर खो खो हसलं! तो मारेकरी नव्हता, गोसाकू होता. योद्ध्याच्या हातातला पंखा हळूच घ्यायचा आणि तलवार द्यायची, हे त्याचं काम. काळ्या कपड्यांतला माणूस रंगमंचावर नाहीच असं मानायचं, ही काबुकीची रीत. ती तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होती. ठाऊक नव्हती ती फक्त सरदारांना!

बिचारे नटाचा जीव वाचवायला धावले आणि वाट्याला आलं हसू. सरदारांचे कान लालबुंद झाले. दुसऱ्याच दिवशी नाटकघराला कुलूप लागलं आणि गोसाकूला हद्दपारीचा हुकूम मिळाला.

गोसाकूची मुलगी नुई त्याच नाटकघरात नटांचे कपडे शिवायची. एक दोरा ओढला की वरचा झगा गळून पडावा आणि आतून दुसराच निघावा, अशी तिची शिवण! ती तडक दरबारात गेली.

“महाराज, माझ्या बाबांचा गुन्हा काय?”

“समोर ढळढळीत दिसतो आणि म्हणे नाहीच! ही लबाडी नाही?”

“नाटक रंगलं की ते खरंच कुणाला दिसत नाहीत, महाराज.”

“असं?” सरदारांनी हातातला पंखा फटकन मिटला. “मग उद्या भरदिवसा, भर दरबारात त्यानं हा पंखा माझ्या हातातून न्यावा. एकानं जरी ‘मला दिसला’ म्हटलं, तर नाटकघर कायमचं बंद आणि तुम्ही बापलेक शहराबाहेर!”

“आणि कुणीच म्हटलं नाही तर?”

“तर कुलूप मी माझ्या हातानं काढीन!”

घरी गोसाकूनं कपाळावर हात मारला. “अगं पोरी, मी माणूस आहे, भूत नाही!”

“बाबा, तुम्ही फक्त रोजचं काम करा. बाकीचं महाराज करतील.”

दुसऱ्या दिवशी दरबार खच्चून भरला. जो तो डोळे फाडून दाराकडे बघत होता. नुईनं वाकून नमस्कार केला.

“महाराज, बाबा येतीलच. तोवर एक विचारू? त्या दिवशी तलवार उपसून तुम्ही उभे राहिलात, तो पवित्रा नटापेक्षा भारी होता म्हणतात!”

“म्हणतात?” सरदार खाकरले. “तसा तो नट बरा होता. पण पाय फार जवळ ठेवत होता.”

“मग कसे ठेवायचे, महाराज?”

सरदार उठलेच! पाय फाकवले, पंखा उंच धरला, मान गरकन फिरवली आणि डोळे असे वटारले की पुढच्या रांगेतले मानकरी दचकले. “वाहवा! वाहवा!” दरबार दणाणला. सरदारांना आणखी चेव चढला. ते पंखा फिरवत नाचू लागले.

तेवढ्यात मागच्या दारानं काळ्या कपड्यांतला गोसाकू आला, सरदारांच्या पाठीशी गुडघे टेकून बसला आणि त्यानं हात पुढे केला. मागे न बघता सरदारांनी अस्सल नटासारखा पंखा त्याच्या हातात दिला, त्यानं पुढे केलेली लाकडी तलवार घेतली आणि डरकाळी फोडली! गोसाकू आला तसा निघून गेला.

“महाराज,” नुई म्हणाली, “पंखा कुठंय?”

सरदारांनी हातातल्या लाकडी तलवारीकडे बघितलं. मग ते दरबाराकडे वळले.

“कुणाला दिसला?”

“मला दि—” कारभारी टुणकन उठले.

“अगं बाई!” नुईनं गालावर हात ठेवला. “महाराज एवढा पवित्रा घेत होते आणि कारभारीसाहेब भलतीकडेच बघत होते?”

कारभारी झटकन खाली बसले. “छे छे! मी महाराजांवरून नजर हलवीन? मला कुणी म्हणजे कुणी दिसलं नाही!”

“मलाही नाही!” “आमची तर पापणीसुद्धा लवली नाही, महाराज!” सगळ्यांची एकच घाई उडाली.

“आणि महाराज, तुम्हाला?”

“मला कसा दिसेल?” सरदार म्हणाले. “मी नाचत होतो!” आणि ते पोट धरधरून हसले. हसता हसताच त्यांनी अंगावरचा रेशमी अंगरखा काढून बक्षीस म्हणून नुईच्या हातात ठेवला आणि कुलपाची किल्ली मागवली.

“पोरी, मला भर दरबारात नाचवलंस! एवढी कला अंगात आहे, तर तू रंगमंचावर का नाही जात?”

“काबुकी सुरू केलं बायकांनीच, महाराज. पण आता बायकांना तिथं बंदी,” नुई म्हणाली. “म्हणून तर नाटक इथं करावं लागलं!”

सरदार पुन्हा हसत सुटले आणि किल्ली घेऊन स्वतःच नाटकघराकडे निघाले.