कड्याची तिसरी साद

हा समोर दिसतो तो बोलका कडा. आवाज दिला की तो परत देतो, म्हणून इथे येणारा प्रत्येक पाहुणा एकदा तरी ओरडून पाहतोच. मघाशी वरच्या वळणावरून ‘होऽऽ’ अशी आरोळी आली, ती तुमच्यापैकीच कोणाची तरी असणार. रागावत नाही मी. बसा, चहा होईल. माझी सून इंदू परातीत पीठ तसेच टाकून गेली आहे, त्यामुळे जरा उशीर लागेल. ती का गेली हे कळायला आधी ही गोष्ट ऐकावी लागेल.

पूर्वी आमच्या वाडीचा महिना कड्यावर चालायचा. रोज उजाडताना वाडीचा हाळीकरी, म्हणजे हाळी देण्याचा मान ज्याच्या घरात असे तो माणूस, या चौथऱ्यावर उभा राहून एकदाच ‘होऽऽ’ करायचा आणि सगळी वाडी कान देऊन ऐकायची. पावसात ढग आणि ओले गवत आवाज गिळून टाकतात, कड्याकडून काहीच येत नाही. तो मुका महिना. पाऊस ओसरला की एक साद परत येते, तो एकसाद. थंडी पडली की दोन येतात, तो दुसाद. गवत वाळून कडा उघडा पडला की तीन येतात, तो तिसाद. पुढे उन्हाळी वारा सुटला की आवाजाच्या चिंध्या होतात, तो फाटका महिना. कुठला महिना किती दिवसांचा हे कोणी ठरवत नसे. कडा बोलेल तेवढा.

त्यात तिसाद सगळ्यांचा लाडका. कड्याच्या पोटातून पलीकडच्या खोऱ्यात एक चिंचोळी वाट जाते. दुसादभर तिच्यावर शेवाळ असते, तिसाद लागेपर्यंत ती सुकते. मग माहेरवाशिणी यायच्या, सोयरिकी जुळायच्या. म्हणून तिसादाच्या पहिल्या दिवशी ढोल वाजवायचे, पुरण शिजवायचे आणि कोणी वेस ओलांडायची नाही, अशी रीत होती.

त्या काळी गोमाजी नावाचा हाळीकरी होता, असे सांगतात. बायको लवकर गेलेली, घरात एकच लेक, ठमी. लहानपणी ती बापाबरोबर चौथऱ्यावर उभी राहायची आणि त्याने हाळी दिली की लगेच आपणही ‘होऽऽ’ करायची. गोमाजी तिला दटावायचा, “कड्याच्या मधी बोलू नगं, बाय. त्याचं बोलनं हू दे, मंग बोल. न्हाई तर समद्या वाडीचा महिना चुकवशील.” पोर शहाणी होती. कड्याचे बोलणे संपेपर्यंत तोंडावर हात धरून थांबायची, मग हळूच आपली हाळी द्यायची. बाप हसायचा.

ठमीला पलीकडच्या खोऱ्यात दिली. वर्ष सरायच्या आत तिला दिवस गेले. पहिले बाळंतपण माहेरीच करायचे म्हणून गोमाजीने निरोप धाडला, “तिसाद लागला की न्यायला येतो. तवर वाटंला पाय लावू नगं.”

त्या साली पाऊस लांबला होता. दुसाद काही संपेना. गोमाजीने घर सारवून ठेवले, पाळण्याची दोरी वळून ठेवली आणि रोज पहाटे हाळी देऊन कान टवकारून उभा राहिला. एक, दोन, की गप्प. पलीकडे ठमीचेही दिवस भरत आले. तिला राहवले नाही, असे म्हणतात. कोणी म्हणतात, सासरी कोणाला वेळ नव्हता. खरे काय ते देव जाणे. एके दिवशी दुपारी ती एकटीच निघाली.

दुसऱ्या दिवशी उजाडताना गोमाजीने हाळी दिली. एक साद आली. दुसरी आली. आणि मग, जराशी उशिरा, जराशी बारीक, तिसरी आली.

“तिसाद! तिसाद लागला!” गोमाजीच सगळ्यांच्या आधी ओरडला, म्हणे. चौथऱ्यावरच नाचला. ढोल सुरू झाले ते सूर्य बुडेपर्यंत थांबले नाहीत. वेस ओलांडायची नव्हती, म्हणून त्याने भाकऱ्या बांधून ठेवल्या आणि उद्या लेकीला आणायचे म्हणून साऱ्या वाडीला सांगत फिरला.

सकाळी निघण्याआधी त्याने रोजची हाळी दिली. एक साद आली. दुसरी आली.

वाडी तिसरीची वाट पाहत उभी राहिली. लागलेला महिना मागे फिरत नसतो. लोक एकमेकांकडे बघू लागले, पण गोमाजी कोणाकडे बघत नव्हता. त्याला कळले होते. तो चौथरा उतरला आणि कड्याच्या वाटेने धावत सुटला.

ठमी कड्याच्या पोटात एका कपारीत सापडली. शेवाळावरून घसरून खाली पडली होती, पाय मोडला होता. बापाची हाळी तिने ऐकली होती. लहानपणी शिकवले तसे कड्याचे बोलणे होऊ दिले आणि मग आपली हाळी दिली. नंतर ती किती ओरडली असेल ते ढोलांमुळे कोणाला कळणार? अंग अजून कोमट होते असे काही जण सांगतात. मी ते कधी सांगत नाही. मला सांगवत नाही.

गोमाजीने तिला खांद्यावरून आणले. लोक कड्याला शिव्या देऊ लागले तेव्हा तो एवढेच म्हणाला, “कडा खोटं बोलला न्हाई. मलाच तिसरी पाहिजे हुती.”

त्याने हाळी सोडली नाही. मात्र वाडीकडून एक शब्द घेतला. कड्याकडून जास्तीची साद आली, कुठल्याही दिवशी, कुठल्याही वेळी, तर आधी माणसाने वर जायचे. बरोबर पाणी आणि भाकरी घ्यायची. कपारी बघून तो परत येईपर्यंत ढोल नाही, चूल नाही आणि महिना नाही. त्या वर्षी खरा तिसाद लागला तेव्हा पहिला तो स्वतःच गेला. रिकामी कपार बघून आला आणि मग त्याने महिना लागल्याचे सांगितले. मरेपर्यंत दर साली तोच जात राहिला, म्हणे.

आता भिंतीवर छापील कॅलेंडर आहे, हातात मोबाईल आहे. आजही तिसादाची पहिली सकाळ आम्ही कुठल्याच महिन्यात धरत नाही. चौथऱ्यावर उभे राहून कड्याला विचारतो, “कोन हाय गं तिथं?” कडा तेच आम्हाला तीनदा विचारतो. मग कोणीतरी भाकरी बांधून निघते.

मघाशी तुमच्यापैकी कोणी आरोळी दिली तेव्हा इंदू पीठ मळत होती. वरून आवाज आला, वळणावर झाडीत कोणी दिसले नाही. ती तशीच पिठाच्या हातांनी उठली, सकाळची भाकरी फडक्यात बांधली आणि पाण्याची बाटली घेऊन गेली. तुम्ही आलात तो रस्ता वेगळा, कपारीची वाट वेगळी, म्हणून तुमची गाठ पडली नाही. आता ती एकेक कपार बघत असेल.

ती येईल तोवर थांबा. चहा तिच्याच हातचा घ्या. आणि तो आवाज तुमचा होता, हे तिला तुमच्या तोंडाने सांगा. मी सांगून तिचा विश्वास बसायचा नाही, ती पुन्हा वर जाईल.