वेळेवर बोलावलंत

“मग पन्नास वर्षांत मिळवलंत काय, मास्तर?”

फ्रान्समधल्या लियाँ शहरातल्या एका नाटकगृहासमोरच्या बाकावर बसून फ्लोरियाँ विचारत होता. पोरगा गुणी, पण नाकावर माशी बसू देत नसे. नव्या नाटकात त्याला नोकराचं काम देऊ केलं होतं. एक प्रवेश, चार वाक्यं. संध्याकाळपर्यंत उत्तर द्यायचं होतं, आणि नटाचा धंदाच सोडायचा असं तो ठरवून आला होता.

म्हातारे ओक्ताव्ह मास्तर भाजलेली चेस्टनटं सोलत होते.

“बरंच मिळवलं की. पाद्री झालो, फौजदार झालो, खाटीक झालो. फासावरसुद्धा गेलो...”

“पण जाहिरातीवर नाव कधीच नाही! रस्त्यात तुम्हाला कुणी ओळखतं तरी का?”

“ओळखतात.”

“तुम्हाला? का भलत्याच कुणाला?”

मास्तरांनी सोललेलं एक चेस्टनट त्याच्या हातावर ठेवलं.

तेवढ्यात एक वयस्कर बाई समोर येऊन थबकल्या. हातातली पिशवी त्यांनी खाली ठेवली.

“डॉक्टरसाहेब! तुम्हीच ना? आमचे आल्फाँस गेले तेव्हा तुम्हीच आला होतात.”

मास्तरांनी त्यांना जन्मात पाहिलं नव्हतं. टीव्हीवरच्या एका मालिकेत ते बरीच वर्षं गावचे डॉक्टर होते, एवढंच.

फ्लोरियाँने खुलासा करायला तोंड उघडलं. बाईंनी त्याच्याकडे पाहिलं.

“हा तुमचा कंपाउंडर वाटतं?”

बिचाऱ्याचा आ तसाच राहिला.

बाई जवळ सरकल्या. त्यांचा आवाज एकदम बारीक झाला.

“एक विचारायचं राहून गेलं होतं... तुम्हाला बोलवायला मी उशीर केला का हो?”

मास्तरांनी चेस्टनटं बाजूला ठेवली. ते उठले. कोटाचं बटण लावलं. बाईंचं मनगट हातात घेतलं आणि नाडी पाहिली. जराही घाई न करता...

“नाही बाई. अगदी वेळेवर बोलावलंत. कुणालाच याहून जास्त करता आलं नसतं.”

बाई तिथेच, भर रस्त्यात रडल्या. किती वर्षं हे उरात घेऊन वावरत होत्या कोण जाणे. मग त्यांनी डोळे पुसले, पिशवी उचलली आणि हळूहळू चालू लागल्या.

फ्लोरियाँ उसळला.

“हे काय, मास्तर! एकदा तरी सांगायचंत! म्हणायचंत, मी डॉक्टर नाही, मी ओक्ताव्ह, मी नट आहे!”

मास्तर अजून तसेच उभे होते. पाठ ताठ, हात मागे, नजर बाईंवर.

“हळू बोल,” ते म्हणाले. “त्या अजून कोपऱ्यापर्यंत पोचलेल्या नाहीत... आणि पिशवी जड दिसते त्यांची. जा, कंपाउंडर.”