चाच्यांनी वगळलेले घर

ही कथा मला यमुनाबाई चोगले यांनी गेल्या नारळी पौर्णिमेच्या आदल्या सकाळी माडबंदरच्या धक्क्यावर सांगितली.

चाच्यांनी एकदा ते बंदर लुटले. कोळीवाड्यात राघो नाखव्याचे घर तेवढे वाचले. सुभेदाराने त्याला भर चावडीत उभे केले. "ज्याचं घर वाचलं, तोच चाच्यांना सामील! द्या याला फाशी!"

राघोची बायको चांगुणा पुढे झाली. "सरकार, तुमच्या वाड्यातलं काय काय गेलं?"

"माझ्या वाड्याकडे फिरकायची त्यांची हिंमत आहे?" सुभेदार गरजला.

"म्हणजे घर तुमचंही वाचलं. मग दोर दोन मागवा, सरकार."

चावडीत हशा पिकला. सुभेदाराने राघोला सोडले आणि त्याच दिवशी त्याची होडी पुन्हा समुद्रात गेली.

सुभेदार खरोखरच चाच्यांना सामील होता का, याची खातरजमा मात्र मला कधीच करता आली नाही.