एका अक्षराचं वजन

शब्दकोश कार्यालयाचे संचालक निफाडकर यांना मोबाइलवरची तुटकी भाषा अजिबात खपत नसे. ‘उद्या अकराला बैठक’ या त्यांच्या निरोपाला कारकून कुंदा टिळेकरने घाईत नुसतं ‘के’ पाठवलं. के म्हणजे ओके, हे शेंबडं पोरही सांगेल! पण साहेबांनी बैठकीत ‘कामावरून का काढू नये’ असा मेमोच तिच्या हातात ठेवला आणि सगळ्यांदेखत गरजले, "एका अक्षराला मी उत्तर मानत नाही!"

कुंदाने मेमो उलगडला. खाली सहीच्या जागी फक्त ‘नि’ होतं.

"मग साहेब, हा मेमो आणि तुमच्या बारा वर्षांच्या सगळ्या फायली बिनसहीच्याच म्हणायच्या का?"

साहेबांनी मेमो परत घेऊन फाडला. कुंदाचा जीव भांड्यात पडला. जागेवर येऊन तिने निरोप धाडला, ‘साहेब, कामाला लागते.’

लगेच उत्तर आलं, ‘के’.