भरती बंद

एक होतं अभयारण्य. वर डोंगर, खाली पाणथळ, पुढे समुद्र. डोंगरावर सरकार राहत होतं आणि पाणथळीत जनता. दोन्हींच्या मध्ये एका वाळक्या फांदीवर ढोकबा नावाचा म्हातारा बगळा सरकारी दप्तर सांभाळत बसे. त्याला आलेल्या एका पत्राचं उत्तर त्याने तीन आठवडे दिलं नव्हतं.

पत्र पारू निवटीचं होतं. निवटी म्हणजे खाडीच्या चिखलावर उड्या मारणारी मासळी. तिने लिहिलं होतं, ‘ढोकबा, खाडीत पाणी यायचं थांबलं. बिळात माझी अंडी आहेत. तुम्ही शिकलेले. भरती बंद म्हणजे नेमकी कुठली भरती, तेवढं कळवा.’

ढोकबाला उत्तर ठाऊक होतं. म्हणूनच तो लिहीत नव्हता.

झालं होतं असं. डोंगरावरच्या बिबट्या महाराजांनी काटकसर करायचं ठरवलं. ढोकबाने सवयीप्रमाणे चार मसुदे फाडून पाचवा केला : ‘राज्यातील नोकरभरती बंद.’ प्रधान वानराने तो वाचला आणि नाक मुरडलं.

“नोकर? ढोकबा, निवडणूक तोंडावर आलीय. आपल्या राज्यात जनता मालक आहे. नोकर खोडा.”

“पण साहेब, मग अर्थ...”

“अर्थ जनता लावून घेते. तुम्ही खोडा.”

साहेब म्हणतात म्हणजे आपलंच चुकत असणार, असं ढोकबाला वाटलं. त्याने शब्द खोडला. हुकूम निघाला : ‘राज्यातील सर्व भरती तात्काळ बंद.’

हा कागद खाली बांधकाम खात्याच्या घोरपडीकडे गेला. एकदा धरलं की सोडायचं नाही, या एकाच गुणावर तिला ते खातं मिळालं होतं. तिने हुकूम दोनदा वाचला, समुद्राकडे पाहिलं आणि खाडीच्या तोंडावर बांध घातला. समुद्र दिवसातून दोनदा येऊन बांधावर डोकं आपटून जाऊ लागला. घोरपडीने वर कळवलं : ‘भरती शंभर टक्के बंद.’ महाराजांनी तिला पदक दिलं.

खाली चिखलाला भेगा पडल्या. ओरड झाली, तेव्हा रानडुकराच्या अध्यक्षतेखाली समिती आली. तिचा अहवाल थोडक्यात असा : ‘ज्याअर्थी येथे पाणी आढळले नाही, त्याअर्थी ही पाणथळ नाही. ज्याअर्थी ही पाणथळ नाही, त्याअर्थी पाणी नसल्याची तक्रार निराधार आहे.’

मग निवडणूक आली. वानर बांधावर चढला.

“बंधूंनो आणि भगिनींनो, तुम्हाला काय हवंय?”

“भरती!” सगळी पाणथळ ओरडली.

“छोटी की मोठी?”

“मोठी!”

“आम्ही महाभरती आणू! आणणार म्हणजे आणणारच!”

चिंबोऱ्यांनी नांग्या आपटून आपटून टाळ्या वाजवल्या. महाराज पुन्हा निवडून आले आणि त्यांनी शब्द पाळला. महाभरती निघाली. बांधावर पहारेकऱ्यांच्या चार हजार जागा. लिहितावाचता येण्याची अट नव्हती. येत असल्यास तसं आधी कळवायचं होतं. पाण्यावाचून बेकार झालेले चिंबोरे रांगेत उभे राहिले आणि सगळे लागले.

पारू बांधाशी गेली. तिथे तिचा शेजारी नाग्या चिंबोरा छातीवर बिल्ला लावून उभा होता.

“काय रं नाग्या, कुनापासून राखतोस?”

“समुद्रापासून, बाय. घुसखोर हाय तो.”

“आन परवापर्यंत?”

“परवापर्यंत मी बेकार व्हतो.”

“माझी अंडी सुकतायत रं. येक भोक पाड ना. बिळं पाडनं तुमचा जल्माचा धंदा.”

नाग्याने इकडेतिकडे पाहिलं. “पाडतो. पन वरचा कागद आन. त्याबिगर नांगी लावली तर नोकरी जाईल.”

पारू भेगांमधून उड्या मारत ढोकबाच्या झाडाखाली आली. तिची शेपटी सोलवटली होती.

“माझं पत्र पावलं?”

“पावलं.”

“मग?”

“योग्य शब्द सुचत नाहीये, पारूबाई.”

“बिळात वंजळभर पानी उरलंय. तुमचा शब्द सुचंपर्यंत पोरं आत काय, पोथी वाचत बसतील?”

ढोकबाने मान पंखात घातली. खोडलेला शब्द तिच्या तोंडावर सांगायची त्याची छाती होईना. “लेखी कळवतो,” तो पुटपुटला. पारू परत फिरली. उड्या मारण्याइतकाही ओलावा आता तिच्या अंगात नव्हता. ती सरपटत गेली.

ती दिसेनाशी झाल्यावर ढोकबाने सरकारी कागद काढला. नव्या नमुन्याच्या कागदावर चारातले वरचे तीन हिस्से महाराजांचं हसतं चित्र होतं. मजकुराला दोन ओळी उरत होत्या. प्रस्तावनेला जागा नव्हती, दिलगिरीला नव्हती, ‘माझ्या अल्पमतीप्रमाणे’ला तर नव्हतीच. खरं तेवढंच मावलं :

‘भरती नोकरांची बंद होती, समुद्राची नव्हे. शब्द मी खोडला. बांध फोडावा.’

खाली सही केली आणि मसुदा फाडायच्या आत तो टपालपेटीकडे उडाला. पेटीवर महाभरतीतलाच एक पहारेकरी बसवला होता. खाली जाणाऱ्या प्रत्येक पत्राची त्याने कसून तपासणी करायची होती. त्याने पत्र नांगीत धरलं, डोळ्यांसमोर नेलं, वरच्या चित्राला सलाम ठोकला आणि न वाचता पेटीत टाकलं.