ओल लागलेला खड्डा

तळी आटली त्या सालची गोष्ट. सिंहाच्या दरबाराने साळिंदराला पावसाळ्यापर्यंत पाणवठा खणायचं काम दिलं. दोन महिने त्याने नख्या झिजवल्या. ओल लागली त्याच दिवशी कारभारी कोल्हा आला.

"करार संपला. उरलेलं माझा भाचा खणेल."

"माझं काय चुकलं?"

"चुकायला कशाला हवं? राजाची मर्जी."

साळिंदराचे काटे उभे राहिले. ते तडक निवाडा करणाऱ्या कासवाकडे गेलं.

कासवाने विचारलं, "भरपाई हवी?"

"नको. माझी मुदत मला द्या. नाहीतर दरबाराने भाच्याने खणलेल्या खड्ड्यातलंच पाणी प्यावं."

कासवाने तसाच हुकूम दिला. दरबाराने भाच्यालाच कामावर ठेवलं, पण त्याच्या खणण्याने पाणी काही लागलं नाही.

तिसऱ्या दिवशी सिंह स्वतः साळिंदराच्या बिळापाशी आला. काम परत घे, एवढं म्हणायलाही त्याची जीभ ओली नव्हती.